ओल्या पदराची बाई

आमच्या घरात भांडायला कारण लागायचं नाही, आणि नाहीच सापडलं तर एक ठेवणीतलं होतं. दादा, म्हणजे आमचे वडील, लग्नाच्या आधी कधीतरी मोसंबीच्या ट्रकवर बसून हैदराबादला गेले होते. माल उतरल्यावर ड्रायव्हरनं त्यांना तिथलं ते मोठं म्युझियम दाखवलं. कुणा नवाबानं देशोदेशीच्या वस्तू जमवल्या होत्या, त्या सगळ्या तिथं मांडून ठेवलेल्या. दादांना त्यातलं बाकी काही आठवत नसे. आठवायची ती फक्त पांढऱ्या दगडाची एक बाई. तिच्या तोंडावरून पदर ओढलेला, तो ओला होऊन अंगाला चिकटल्यासारखा, आणि त्या पदराआडून तिचं नाक, ओठ, हनुवटी सगळं दिसतंय. "पदर बी दगडाचा, तोंड बी दगडाचं, एकाच दगडाचं सारं, अन् पदरातून तोंड दिसतंय!" असं म्हणून दादा मांडीवर थाप मारायचे. म्हशीला सुई द्यायला आलेल्या डॉक्टरला त्यांनी ही बाई सांगितली होती, सोयरीक घेऊन आलेल्या पाहुण्यांना सांगितली होती, आणि आमच्या गल्लीत वाट चुकून आलेल्या एका भांडीवाल्यालाही सांगितली होती.

माय चुलीपुढं भाकरी थापत असायची. ती मागं वळूनसुद्धा बघायची नाही. "दगडाच्या आरपार दिसतंय म्हणे! काय पिऊन गेल्ते तवा?" एवढं म्हणून भाकरी तव्यात टाकायची. दादा म्हणायचे, "तुला एकदा दाखवतोच." माय म्हणायची, "दाखवा, मंग बोला. तवर गप ऱ्हावा." मग दादा लोटा घेऊन बाहेर निघून जायचे आणि आम्ही पोरं हसून हसून लोळायचो. आमच्या घरात तेव्हा टीव्ही नव्हता, पण खरं सांगते, त्याची कधी गरजही वाटली नाही. संध्याकाळी ज्वारीच्या भाकरीचा वास, तव्यावर ठेच्यासाठी भाजत टाकलेल्या मिरच्यांचा ठसका, आणि या दोघांची जुगलबंदी. माझ्या मैत्रिणी मुद्दाम जेवायच्या वेळेला यायच्या आणि म्हणायच्या, "दादा, ती बाई सांगा की." माय मनातून चिडायची की तिलाही मजा वाटायची, हे मला कधीच कळलं नाही. एक मात्र नक्की, ती बाई खरी आहे की खोटी हे तिला एकदा स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. एकदा मला न्हाऊ घालता घालता तिनं हळूच विचारलं होतं, "का गं, खरंच दिसत असंल का?"

आमचं गाव घनसावंगीच्या पुढं, गोदावरीच्या अंगाला. ऊस होता, पण त्या वर्षांत आमच्या घराचा जीव अडकलेला होता तो कपाशीच्या बीजप्लॉटमध्ये. जालन्याची एक बियाण्याची कंपनी आम्हाला नराचं आणि मादीचं बी द्यायची आणि तयार झालेलं संकरित बी घेऊन जायची. मधलं सगळं काम बायका-पोरींच्या बोटांचं. उद्या उमलणारी कळी आज दुपारनंतर ओळखायची, अंगठ्याच्या नखानं बुडाशी गोल चीर द्यायची आणि एका हिसक्यात पाकळ्या आणि आतले पिवळे केसर टोपडं काढल्यासारखे उपसायचे. मधली नाजूक काडी तेवढी ठेवायची, तिला धक्का लागता कामा नये. वर लाल कागदाची टोपी चढवायची. दुसऱ्या दिवशी सकाळी नराचं फूल आणून त्या काडीवर फिरवायचं. याला आम्ही क्रॉसिंग म्हणायचो. एखादी कळी नजरेतून सुटली आणि आपली आपण उमलली, तर प्लॉटमध्ये भेसळ. म्हणून ओळीच्या दोन्ही बाजूंना दोघी उभ्या राहायच्या, तोंडानं गप्पा आणि हातानं कळ्या. हातांकडं बघावं लागायचं नाही. माझं अंगठ्याचं नख मी त्या दिवसांत वाढवून ठेवलेलं असायचं, आणि बोटांना पिवळट-काळा रंग चढायचा तो राखेनं घासूनही जायचा नाही. मायचं नख तर बारा महिने तसंच असायचं.

अशा ऐन क्रॉसिंगच्या दिवसांत हैदराबादहून मामाचा सांगावा आला. त्याला पहिली मुलगी झाली होती आणि बारशाला बहिणीनं आलंच पाहिजे असा त्याचा हट्ट होता. दादा वैतागले. "कपाशी काय बारशासाठी थांबून राह्यली का?" माय म्हणाली, "माझ्या जावा हायत, पोरी हायत, तुमी सोता हाय. दोन दिसांत काय आभाळ कोसळतंय?" शेवटी दादाच हरले, पण हरतानासुद्धा त्यांनी बायकोला डिवचलं. "जातीच हाईस तर ती बाई बघून ये. मंग बघू कोण गप बसतंय." मायनं पदर खोचला. "बघूनच येते. अन् खोटं निघालं तर जल्मभर तिचं नाव काढायचं न्हाई." "अन् खरं निघालं तर?" "तर मी हारले म्हणून सगळ्या पोरींम्होरं कबूल करीन. बास?" क्रॉसिंगला येणाऱ्या पोरी टाळ्या वाजवायला लागल्या. मी दहावी होऊन अकरावीत गेले होते, आणि मायबरोबर मी जाणार हे ठरल्यावर मला रात्रभर झोप लागली नव्हती.

मामा तिथं एका छापखान्यात कामाला होता. बारसं झालं, आणि रविवार आमच्या हाताशी होता. संध्याकाळच्या गाडीनं परत निघायचं होतं. मामाला त्या दिवशी सुट्टी मिळाली नाही. पण रविवारी म्युझियमच्या खिडकीवर फार झुंबड उडते म्हणून त्यानं शहाणपणानं आदल्या दिवशीच दोन तिकिटं आणून ठेवली होती. त्यानं आम्हाला फाटकापाशी सोडलं आणि बजावलं, "कुणाला काही विचारू नका. लोक जिकडं जातील तिकडं जा, बाण दाखवलेत भिंतीवर. मी चारला याच फाटकावर येतो." बाप्या माणसाशिवाय आम्ही दोघी अशा कुठं गेलोच नव्हतो. मायनं ठेवणीतलं इरकल नेसलं होतं, तिकिटं पदराच्या गाठीत बांधली होती आणि दर थोड्या वेळानं ती गाठ चाचपत होती. "आपल्याजवळ तिकिटं हायत, आपल्याला कोण अडवतंय," असं तिनं मला दोनदा सांगितलं. मला तिचा इतका अभिमान वाटला होता त्या वेळी. परवा माझ्या नातवानं कुठल्याशा प्रदर्शनाची तिकिटं मोबाइलवर काढली आणि म्हणाला, "आज्जी, हे दाखवलं की सरळ आत." मी म्हटलं, बाळा, सरळ आत कुणी जात नसतं.

तिकिटवाल्यांचीही रांग होतीच. ती बागेला वळसा घालून हळूहळू सरकत होती, ऊन चढलेलं, पोरं रडत होती. आमच्या पुढं एक बाई, तिचा नवरा आणि थर्मास. बाई औरंगाबादच्या निघाल्या. माय खूश. परमुलखात आपली भाषा ऐकली की तिला माहेरचं माणूस भेटल्यासारखं व्हायचं. "तुमी संभाजीपेठेच्या का? आमच्या नणंदेची जाऊ तिथंच हाय!" थोड्याच वेळात त्या बाईंनी आम्हाला चिवडा दिला, मायनं त्यांना आमचे धपाटे दिले, आणि दोघी सासवांविषयी बोलायला लागल्या. पोट भरल्यावर त्या बाई आपल्या नवऱ्याशी बोलू लागल्या, आणि माय माझ्याकडं वळली. मग काय, प्लॉटच निघाला. "आज तुझ्या धाकल्या काकूनं कोपऱ्यातली ओळ सोडली असंल बघ. ती नेहमी सोडती." मी म्हटलं, "दादा बघतील." "तुझे दादा! त्यांना कळी अन् बोंड यातला फरक कळंना." आम्ही दोघी हसलो. आमच्या दोघींच्या मध्ये, कमरेएवढ्या उंचीचं, जास्वंदीचं कुंपण होतं. रांग वळणावर दुहेरी झाली होती, म्हणून माय एका बाजूला आणि मी दुसऱ्या.

पुढं मी शिक्षिका झाले, विज्ञान शिकवलं, आणि जास्वंद आणि कपाशी एकाच कुळातल्या हे फळ्यावर शेकडो वेळा लिहिलं. तेव्हा ते मला ठाऊक नव्हतं. माझ्या बोटांना मात्र ठाऊक होतं.

"अम्मा! ये क्या कर रै जी तुम?"

पहारेकऱ्याचा आवाज आला आणि मी खाली बघितलं. माझ्या पायाशी लाल पाकळ्यांचा सडा पडला होता. मायच्या पायाशी त्याहून मोठा. कुंपणाच्या जेवढ्या भागातून आमची रांग सरकली होती, तेवढ्या भागातली एकही कळी शाबूत नव्हती. सगळ्यांची टोपडी उपसलेली, मधली काडी तेवढी उभी. इतकं सफाईदार काम की कंपनीचा माणूस बघून खूश झाला असता. मायच्या चिमटीत एक अर्धी सोललेली कळी अजून होती. माय त्या कळीकडं अशी बघत होती, जणू ती तिथं कुणी ठेवली हेच तिला कळत नव्हतं.

"पूरे झाड को नंगा कर दिये! पूजा के वास्ते तोडे क्या?" आता सफारी घातलेला एक साहेब आला. लोक माना उंच करून बघायला लागले. पोरं पाकळ्या उचलायला पळाली. मी शाळेतल्या हिंदीत काहीतरी बोलायचा प्रयत्न केला, "साब, हमारे खेत में ऐसाच काम करते, हाथ को आदत है…" तो म्हणाला, "फूल तोडने का काम?" आणि रांग हसली. "हाथ दिखाओ." मायनं हात पुढं केले. काय गरज होती? पण तिनं केले, शाळेत मास्तरांपुढं धरतात तसे दोन्ही पंजे उलटे. तो पिवळाकाळा रंग, ते वाढलेलं नख, त्याच्या कडेला बसलेली हिरवी रेघ. मागून कुणीतरी म्हणालं, "नाखून देखो." मी माझा अंगठा मुठीत दाबून धरला होता. जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं आपण नुसतं म्हणतो; मी त्या वेळी खरोखर पायाखालच्या फरशीकडं बघत होते.

मायनं आधारासाठी त्या औरंगाबादच्या बाईंकडं बघितलं. "अवो ताई, तुमी सांगा की यांला. आमी चोर न्हाई." त्या बाईंनी थर्मासचं झाकण घट्ट लावलं. साहेबानं त्यांना विचारलं, "आप के साथ है क्या ये?" त्या म्हणाल्या, "नहीं नहीं, हम तो इन को पहचानते भी नहीं." मग नवऱ्याकडं वळून, आम्हाला ऐकू जाईल अशा मराठीत म्हणाल्या, "यांच्यापायी सगळ्यांची लाज जाते." त्यांच्या पिशवीतून आमच्या धपाट्यांच्या फडक्याचं टोक बाहेर आलं होतं. मला अजूनही, इतक्या वर्षांनी, त्या बाईचा राग येतो. पण तिथं उभं असताना राग आला नव्हता. ती बरोबर बोलते आहे असंच वाटलं होतं, आणि याचीच मला आज जास्त चीड येते.

साहेब वाईट नव्हता. त्यानं दंड केला नाही, हाकलून दिलं नाही. तिकिटं बघितली, परत दिली, आणि पहारेकऱ्याला म्हणाला, "जाने दो. मगर इन दोनों पे नजर रखना, अंदर कुछ हाथ ना लगाए." त्यापेक्षा हाकललं असतं तर परवडलं असतं. आत पाऊल टाकलं आणि हा निरोप आमच्या पुढं पुढं धावायला लागला. या दालनाचा पहारेकरी पुढच्या दालनाच्या पहारेकऱ्याला खूण करायचा, तो आमच्याकडं बोट करायचा. मायनं दोन्ही हात पदरात गुंडाळले आणि पदर पोटाशी धरला. हस्तिदंताच्या खुर्च्या होत्या, चिनी मातीच्या पुरुषभर उंच बरण्या होत्या, तलवारी होत्या, आणि त्या सगळ्यांसमोरून माय खाली मान घालून चालली होती. मी मध्येच म्हणायची, "माय, हे बघ." ती म्हणायची, "व्हय, चांगलं हाय." आणि नजर फरशीवरच. गर्दी आम्हाला ढकलत होती.

आणि ती बाई आली. एका गोलसर दालनाच्या मधोमध, चौथऱ्यावर. भोवती माणसांचं कडं इतकं दाट की मला आधी नुसता दगडाचा पांढरा खांदा दिसला. आम्ही कड्याच्या बाहेर उभ्या राहिलो. तिथला पहारेकरी आम्हाला बघून म्हणाला, "अम्मा, हाथ पीछे." तेवढ्यात टोल्यांची वेळ झाली. त्या म्युझियममध्ये एक मोठं घड्याळ आहे, तास भरला की त्यातून एक बाहुला बाहेर येतो आणि टोले देतो, तो बघायला सगळे लोक धावतात. बघता बघता दालन रिकामं झालं. मी, माय आणि पहारेकरी. तोही दाराकडं गेला आणि घड्याळाच्या दिशेनं मान लांब करून उभा राहिला.

दादा खरं सांगत होते. अगदी शब्दन् शब्द खरं. पदर दगडाचा होता आणि त्याच्याआडून नाकाची धार, ओठांची मुडप, गालाचा उतार, सगळं दिसत होतं. डोळेही दिसत होते, पापण्या खाली झुकलेल्या, जमिनीकडं बघणाऱ्या. क्षणभर मी सगळं विसरले, आणि मग मला आठवलं की हे बघायला मी नाही, माय आली होती. "माय, कुणी न्हाई आता. बघ की. वर बघ एकदा." माय माझ्याशेजारी, दोन हातांच्या अंतरावर उभी होती. मान वर केली असती तर पुरे होतं. "बघितलं," ती म्हणाली. "न्हाई बघितलंस तू. माय, दादांनी सांगितलं तसंच हाय सारं, दिसतंय!" तिनं पदर आणखी घट्ट गुंडाळला. "नगं बाई. आपल्यासारख्यांनी काय बघायचं तिच्याकडं. चल." मी तिचा दंड धरला, ओढला, आणि ती तशीच खाली बघत उभी राहिली. मग लोक परत आले आणि त्यांच्या लोंढ्यानं आम्हाला पुढच्या दारातून बाहेर काढलं. चारपर्यंतचा उरलेला वेळ आम्ही फाटकाजवळच्या कट्ट्यावर बसून होतो. मामानं विचारलं, "कसं होतं?" माय म्हणाली, "लई मोठं."

लाज ही कसली चीज आहे, यावर मी आयुष्यभर विचार केला. आमच्या हातांनी त्या दिवशी काही वाईट केलं नव्हतं, जे येत होतं तेच केलं होतं. हे मला आज कळतं, मी वर्गातल्या मुलींना बजावून सांगते, आणि तरीही कुणी "हात बघू" म्हटलं की माझी मूठ आपोआप मिटते. मायला तर हे कधी समजावताच आलं नाही. तो विषय काढला की ती उठून जायची.

घरी पोचलो तेव्हा सकाळचं क्रॉसिंग आटपून पोरी ओट्यावर चहाला बसल्या होत्या. दादांनी दम धरला, हे कबूल केलं पाहिजे. मायनं हातपाय धुतले, चहा घेतला. मग ते खाकरून म्हणाले, "मंग?"

"पाहिली," माय म्हणाली.

"अन्?"

"तुमचं खरं हाय. मी हारले." तिनं ते सगळ्या पोरींसमोर म्हटलं, ठरल्याप्रमाणे. दादांनी मांडीवर अशी थाप मारली की कोंबड्या उडाल्या. "ऐका गं पोरींनो, ऐका! इतकी वर्सं मला येड्यात काढलं हिनं!" आनंदानं त्यांचा चेहरा उजळला होता. "आता तूच सांग यांला. पदरातून नाक दिसतंय का न्हाई? अन् डोळं? डोळं कसं हायत, सांग की!"

"टपोरं हायत," माय म्हणाली. "उघडं. आपल्याकडंच बघती ती."

दादांचा हात हवेतच राहिला. त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी मान खाली घातली, आणि तेवढ्यानं त्यांना सगळं कळलं असावं. मग त्यांनी मायकडं बघितलं. ती स्वतःच्या ओट्यावर, स्वतःच्या माणसांत बसली होती आणि तिचे दोन्ही हात पदरात गुंडाळलेले होते. एक पोरगी म्हणाली, "खरंच का दादा? दगडाची बाई आपल्याकडं बघती?"

"व्हय तर," दादा म्हणाले. "बिलकुल सरळ बघती. लाजत न्हाई कुणाला."